एकाच शटरवर दोन नोटिसा

संपादक साहेब,
आमच्या सिडकोतल्या शेजारच्या काकांनी रिटायरमेंटचे पैसे जादा व्याजाला भुलून एका स्कीममध्ये टाकले, ती बुडाली. आता त्या कंपनीच्या गाळ्याच्या शटरवर दोन कागद चिकटवलेत, एक बँकेचा सरफेसीचा (थकलेल्या कर्जापोटी तारण मालमत्ता ताब्यात घेऊ देणारा कायदा) न् दुसरा एमपीआयडीखालच्या (ठेवीदारांचे पैसे बुडवणाऱ्यांची मालमत्ता जप्त करणारा राज्याचा कायदा) जप्तीचा. बँक डीआरटीत म्हणजे कर्जवसुली न्यायाधिकरणात, ठेवीदार विशेष कोर्टात, काका नुसते तारखा मोजतायत (गुडघे दुखतात तरी जातात). मे २०२५ मध्ये सुप्रीम कोर्टाने नॅशनल स्पॉट एक्स्चेंज या बुडालेल्या कमोडिटी बाजाराच्या केसमध्ये सांगितलंय की १९९९ च्या एमपीआयडी कायद्याने जप्त झालेल्या मालमत्तेवर बँकेचा हक्क आधी येत नाही, मग दोन्हीकडच्या जप्त्या एकाच पोर्टलवर टाकायला सरकारला काय हरकत आहे, निदान लिलावाआधी तरी सगळ्यांना कळेल.
– एक वाचक, सिडको, नाशिक