बोर्ये सालमिंग यांना, बाबांच्या वतीनं

आदरणीय बोर्ये सालमिंग,

तुम्ही २४ नोव्हेंबर २०२२ ला गेलात. हे पत्र तुमच्यापर्यंत पोचणार नाही, हे मला कळतं. पण तुमचे आभार मानायचे राहून गेलेत. थोडे माझे आणि पुष्कळसे माझ्या बाबांचे. ते मी उघडपणे, चारचौघांत मानतेय, कारण आमच्यासाठी तुम्ही जे केलंत तेही चारचौघांतच केलंत.

वाचणाऱ्यांपैकी बऱ्याच जणांनी आइस हॉकीचा सामना कधी पाहिला नसेल. त्यांच्यासाठी तुम्ही कोण होतात ते आधी सांगते. मी हे सगळं बाबांच्या तोंडून इतक्या वेळा ऐकलंय की त्यांच्याच शब्दांत येईल.

बर्फावर एका वेळी प्रत्येक संघाचे गोलरक्षक आणि पाच खेळाडू असतात. तीन पुढे, दोन मागे. मागचे दोघे डिफेन्समन. समोरचा खेळाडू भन्नाट वेगानं अंगावर येत असताना त्याच्याकडे तोंड करून उलटं स्केटिंग करत मागे मागे जायचं, त्याला हळूहळू कडेच्या फळीकडे रेटायचं, हे त्यांचं काम. नजर पकवर ठेवायची नाही, त्याच्या छातीवर ठेवायची. हात आणि पक फसवतात, छाती फसवत नाही. पक म्हणजे गोठवून दगडासारखी कडक केलेली रबराची चकती. ती ताशी दीडशे किलोमीटरनं गोलकडे निघाली की डिफेन्समननं वाटेत आडवं व्हायचं. पायावर, बरगडीवर, जिथे बसेल तिथे. बाबा म्हणायचे, गोल करणाऱ्याचं नाव लागतं आणि अडवणाऱ्याला सूज येते. तुम्हाला दोन्ही मिळालं. अडवून झाल्यावर तीच पक घेऊन तुम्ही पुढे निघायचात आणि पास असा द्यायचात की पुढच्याला फक्त स्टिक लावायची बाकी राहायची. टोरंटो मेपल लीफ्स या संघासाठी तुमचे ६२० असिस्ट आहेत, म्हणजे ज्यांवरून गोल झाला असे पास. या संघाच्या इतिहासात कुठल्याही आघाडीच्या खेळाडूचे नाहीत इतके, एका डिफेन्समनचे!

तुम्ही आलात स्वीडनच्या पार उत्तरेतून, किरुनाच्या खाणींच्या मुलखातून. वडील सामी, म्हणजे तिथल्या मूळ रहिवासी जमातीचे. तुम्ही पाच वर्षांचे असताना ते खाणीतल्या अपघातात गेले. मोठ्या भावाच्या, स्टिगच्या मागोमाग तुम्ही हॉकीत आलात, त्याच्या पाठोपाठ येव्लेच्या ब्रिनेस संघात गेलात आणि १९७१ व १९७२ ला स्वीडनचं विजेतेपद मिळवलंत. लीफ्ससाठी नवे खेळाडू हेरणारे जेरी मॅकनमारा तिकडे आले होते दुसऱ्याच खेळाडूंना पाहायला, पण त्यांची नजर तुमच्यावर खिळली. १९७३ च्या हिवाळ्याआधी तुम्ही आणि तुमचेच देशबांधव इंगे हामरस्ट्रॉम टोरंटोत दाखल झालात.

बाबाही त्याच सुमाराला टोरंटोत आले. हॉकी त्यांना ठाऊक नव्हती. कारखान्यात सोमवारी सकाळी सगळे ज्याबद्दल बोलतात ते आपल्याला कळत नाही म्हणून त्यांनी शनिवारी रात्री सामने बघायला सुरुवात केली, आणि पहिला ओळखीचा झालेला चेहरा तुमचा. त्यांच्या उच्चारांची टर उडवणारे लोक त्यांना रोज भेटत होते. इकडे तुमच्यासारख्या स्वीडिश खेळाडूंना ‘चिकन स्वीड’ म्हणून हिणवलं जात होतं. युरोपातली माणसं नाजूक, मार पडला की पळणार, असा त्या काळी सरसकट समज होता. पहिला सामना बफेलोविरुद्ध झाला आणि दुसऱ्याच रात्री तुम्ही फिलाडेल्फियात होतात, फ्लायर्ससमोर. मारामारीसाठी बदनाम असलेला तो संघ, पुढची दोन्ही वर्षं स्टॅनले कप, म्हणजे लीगचं विजेतेपद, जिंकणारा. त्यांनी तुम्हाला फळीवर आपटलं, स्टिकचे फटके दिले. तुम्ही मुद्दाम भांडण काढणारे नव्हतात, पण मागेही सरला नाहीत, आणि पुढच्या वेळी पुन्हा त्याच कोपऱ्यात पक काढायला गेलात. बाबांना तुमच्यातलं हेच आवडायचं. गोलांबद्दल ते क्वचितच बोलत.

आणि १९७६ चा कॅनडा कप, देशादेशांच्या संघांची स्पर्धा! हे सांगताना बाबा नेहमी खुर्चीतून उठायचे, म्हणून मीही जरा थांबून सांगते. मेपल लीफ गार्डन्समध्ये, लीफ्सच्या घरच्या मैदानात, स्वीडनचा सामना होता. तुम्ही स्वीडनच्या पिवळ्या-निळ्या जर्सीत. खेळाडूंची नावं पुकारली जात होती; तुमचं नाव आलं आणि सगळं गार्डन्स उभं राहिलं. टाळ्या थांबेचनात. यजमान देशाच्या प्रेक्षकांनी पाहुण्या संघातल्या माणसाला दिलेलं ते स्वागत होतं. बाबांच्या मते टोरंटोत बाहेरून आलेल्या कित्येकांनी त्या रात्री पहिल्यांदा सुटकेचा श्वास घेतला. हे कितपत खरं ते मी मोजू शकत नाही. बाबांनी घेतला, एवढं नक्की.

पुढची वर्षं मी थोडक्यात उरकते, कारण आकडे कुठेही सापडतील. सलग सहा मोसम ऑल-स्टार, म्हणजे मोसमातल्या सर्वोत्तम खेळाडूंच्या, संघांत निवड. सर्वोत्तम डिफेन्समनच्या नॉरिस ट्रॉफीसाठी १९७७ आणि १९८० ला दुसरा क्रमांक. १९८८ च्या जानेवारीत एनएचएलमध्ये, म्हणजे उत्तर अमेरिकेतल्या मुख्य हॉकी लीगमध्ये, हजार सामने पूर्ण करणारे, युरोपात घडलेले पहिले खेळाडू. लीफ्सकडून सोळा मोसम, मग डेट्रॉइटमध्ये एक, मग स्वीडनला परत, आणि वयाच्या चाळिसाव्या वर्षी १९९२ चं आल्बेर्व्हिल ऑलिंपिक. १९९६ ला हॉकी हॉल ऑफ फेम, थोर खेळाडूंच्या सन्मानाची जागा, तिथे गेलेले पहिले स्वीडिश खेळाडू तुम्हीच. स्टॅनले कप मात्र कधीच नाही. १९७८ ला संघ उपांत्य फेरीपर्यंत पोचला, पण त्याआधीच्या फेरीत आयलंडर्सविरुद्ध डोळ्याला स्टिक लागून तुम्ही बाहेर गेला होतात. बाबांनी ही हळहळ शेवटपर्यंत सोडली नाही. ऐंशीच्या दशकात संघाची रया गेली, तेव्हाही तुम्ही त्याच निळ्या-पांढऱ्या जर्सीत पक अडवत राहिलात.

आणि नोव्हेंबर १९८६. गोलसमोरच्या झटापटीत तुम्ही पडलात आणि एका खेळाडूच्या स्केटचं पातं तुमच्या चेहऱ्यावरून गेलं. कपाळापासून तोंडापर्यंत, दोनशेहून जास्त टाके. तुमचा तो फोटो जगभर छापला गेला. त्याच मोसमात तुम्ही पुन्हा बर्फावर उतरलात. बाबांनी तो फोटो वर्तमानपत्रातून कापून ठेवला होता आणि आईला तो अजिबात घरात नको होता.

आता ज्यासाठी हे पत्र लिहायला घेतलं त्याकडे येते.

बाबांची जीभ जड व्हायला लागली ती तुमच्या बातमीच्या काही महिने आधी. तपासण्या होत होत शेवटी निदान झालं, ए.एल.एस. मेंदू आणि मज्जारज्जूतल्या, स्नायूंना हालचालीचा हुकूम देणाऱ्या पेशी मरत जातात. हात, पाय, गिळणं, बोलणं, शेवटी श्वास. कानांना काही होत नाही, डोळ्यांना होत नाही, आणि बऱ्याच रुग्णांमध्ये समज शाबूत राहते. बरं करणारं औषध नाही. लक्षणं सुरू झाल्यापासून बहुतेकांना दोन ते पाच वर्षं मिळतात.

आमचे बाबा बोलघेवडे. त्यांनी बोलणं बंद व्हायच्या आधीच माणसं बंद केली. चहा ओठातून ओघळायला लागला तेव्हापासून कुणासमोर खायचं-प्यायचं नाही. फोन घ्यायचा नाही. मित्र आले तर झोपलेत म्हणून सांगायचं. आई सगळ्यांना घसा बसलाय असं सांगत राहिली, आणि महिनोन्‌महिने बसलेल्या घशावर लोकही काय बोलणार? व्हीलचेअर घरात आली होती, तिच्यावर टॉवेल वाळत होते. पोटातून अन्न देण्याची नळी श्वास फार कमजोर व्हायच्या आत बसवून घ्या, असं डॉक्टर समजावत होते. बाबा मान फिरवायचे. आम्ही रागावलो, विनवण्या केल्या, दादा खास रजा काढून आला. काही उपयोग झाला नाही.

१० ऑगस्ट २०२२ ला लीफ्सनी तुमचं निवेदन प्रसिद्ध केलं. तुम्हालाही तोच आजार. आजवर कधी तोंड दिलं नाही एवढी मोठी आव्हानं पुढे आहेत, असं तुम्ही मोकळेपणानं म्हटलं होतंत. बाबांनी ते वाचलं, पुन्हा वाचलं आणि वहीत लिहिलं, ‘त्यालापण?’ पुढचे कित्येक दिवस ते तुमच्याबद्दल काही नवीन आलं का ते शोधत राहिले. आमच्या बाबतीत काहीच बदललं नाही. फक्त घरात त्या आजाराचं नाव उच्चारायची बंदी उठली. तुमच्या निमित्तानं का होईना, आम्ही ते मोठ्यानं म्हणायला लागलो.

मग नोव्हेंबर. हॉल ऑफ फेमच्या सोहळ्याचा आठवडा होता आणि तुम्ही अटलांटिक ओलांडून टोरंटोत आलात. बोलणं गेलेलं होतं. ११ आणि १२ तारखेला, लागोपाठ दोन रात्री, तुम्ही सामन्याआधी बर्फावर आलात. शेजारी लीफ्सचे माजी कर्णधार डॅरिल सिटलर आणि मॅट्स सुंडिन. लोक उभे राहिले. तुमचा हात वर जाईना, तेव्हा सिटलर यांनी तो धरून उचलला. ते रडत होते, तुम्हीही रडत होतात. दुसऱ्या रात्री लीफ्सनी सुरुवातीला बर्फावर उतरवलेले पाचही खेळाडू आणि गोलरक्षक स्वीडिश होते.

आम्ही सगळे टीव्हीसमोर. मला वाटलं बाबांना हे सहन होणार नाही, मी रिमोट हातात घेतला. त्यांनी नको अशी खूण केली. सोहळा संपला, सामना सुरू झाला, तरी त्यांची नजर हलली नाही. मग वही मागितली. त्यांनी लिहिलं: ‘त्याला वाकडं तोंड घेऊन यायची लाज नाही वाटली. एवढ्या लोकांत.’ खाली थोड्या वेळानं: ‘शनिवारी मला ने.’

शनिवार म्हणजे त्यांच्या मित्रांची बैठक. वर्षानुवर्षं चाललेली, पत्ते आणि गप्पा. व्हीलचेअरवरचे टॉवेल निघाले. मला खोटं सांगायचं नाही, ती संध्याकाळ सोपी नव्हती. एक काका बाबांना पाहताच आतल्या खोलीत निघून गेले. दुसरे त्यांच्याशी बहिऱ्या माणसाशी बोलावं तसं ओरडून बोलत होते, तेव्हा बाबांनी वहीत लिहून दाखवलं, ‘कान ठीक आहेत’. त्यावर पहिल्यांदा सगळे हसले. चहा आला. बाबांनी चमच्यानं, सगळ्यांदेखत घेतला. ओघळला. आईनं पुसला. पुढचा डाव वाटला गेला.

त्यानंतर जे झालं त्याचं श्रेय मी तुम्हाला देते. आजार माहीत झाल्यावर माणसं आली. एक काका रोज दुपारी येऊन मराठी बातम्या वाचून दाखवायला लागले, त्या वेळात आई दोन तास झोपायला लागली. कित्येक महिन्यांत ती दुपारी आडवी झाली नव्हती. दुसऱ्यांनी दवाखान्याच्या फेऱ्या वाटून घेतल्या. नळी बसवायला बाबांनी होकार दिला आणि ती वेळेत बसली. नजरेनं अक्षरं निवडता येतात अशा पडद्यावर ते लिहायला शिकले. पहिल्या काही वाक्यांत लीफ्सच्या बचावफळीवर टीका होती, सविस्तर.

तुम्हाला एवढा वेळ मिळाला नाही. आजार जाहीर केल्यानंतर जेमतेम साडेतीन महिने, आणि टोरंटोहून परतल्यावर दोन आठवड्यांच्या आत तुम्ही गेलात. त्या दिवशी बाबांनी कुणाशी संवाद केला नाही. एवढ्या थोड्या दिवसांतले काही तुम्ही विमानप्रवासात आणि परक्या लोकांच्या नजरांसमोर घालवलेत, हे मला आजही विलक्षण वाटतं. घरी, आपल्या माणसांत राहिला असतात तर कुणी शब्दानं बोललं नसतं. शेवटच्या महिन्यांत तुमच्या नावानं या आजारासाठी फाउंडेशनही उभं राहिलं.

बाबा गेल्या वर्षी गेले. शेवटच्या काळात घरात कायम कुणी ना कुणी असायचं. पत्त्यांचा डाव त्यांच्या पलंगाशेजारी हलला होता आणि हातातली पानं त्यांच्या डोळ्यांसमोर धरायला रोज एकेकाची पाळी लागायची. त्यांना हरायला बिलकुल आवडायचं नाही, शेवटपर्यंत.

तुम्हाला मनापासून धन्यवाद. सिटलर यांनाही, कारण तो हात उचलताना त्यांनी आपले अश्रू लपवले नाहीत. आमच्या बैठकीतल्या काही काकांना त्याची गरज होती. आणि तुमच्या पत्नीला, मुलांना. आजारी माणसाला उठवून, आवरून, एवढ्या लांब नेणं म्हणजे काय असतं ते आता आम्हाला माहीत आहे. औषधं, नळ्या, विमानतळावरच्या रांगा, रात्रीची जागरणं, हे सगळं त्यांनी निभावलं म्हणून तुम्ही आमच्या टीव्हीवर दिसलात. त्यांच्यापैकी कुणाला कधी हे पत्र कुणी वाचून दाखवलं, तर त्यांना एवढं कळावं, की टोरंटोतल्या एका मराठी घरात त्या प्रवासाचा फार उपयोग झाला.

आपली कृतज्ञ,
तुमच्या एका जुन्या चाहत्याची मुलगी