हर्ष फायर आणि शिक्षेचे मोजमाप

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

ग्वाल्हेर-चंबळ भागात लग्नसराईत हर्ष फायरच्या, म्हणजे आनंदाच्या भरात केलेल्या गोळीबाराच्या, बातम्या येतात आणि ‘गुन्हा दाखल’ या शब्दांवर संपतात. पुढे शिक्षा किती व्हावी, याची चर्चा मात्र होत नाही.

२०१९ च्या दुरुस्तीनंतर विनापरवाना कट्टा (गावठी पिस्तूल) नुसता जवळ सापडला, तरी शस्त्र अधिनियमाच्या कलम २५(१ब) खाली किमान २ आणि कमाल ५ वर्षे कैद, वर दंड. त्याच दुरुस्तीने आलेले कलम २५(९) हर्ष फायरसाठी आहे: लोकांचा जीव धोक्यात घालणाऱ्याला कमाल २ वर्षे कैद, किंवा १ लाखापर्यंत दंड, किंवा दोन्ही. खिशातल्या कट्ट्याची शिक्षा जिथे सुरू होते, तिथे वरातीतल्या परवान्याच्या बंदुकीची संपते! त्यातही प्रथमवर्ग न्यायदंडाधिकाऱ्यांना ३ वर्षांहून जास्त कैद किंवा ५० हजारांहून जास्त दंड देता येत नाही. तेव्हा ५ वर्षे आणि १ लाख हे आकडे बरेचदा कागदावरच राहतात.

कट्ट्याच्या खटल्यात २ वर्षांहून कमी शिक्षा द्यायची तर ‘पुरेशी व विशेष कारणे’ निकालात लिहावी लागतात. ती कोणती, हे कायदा सांगत नाही. तरुण वय, पहिलाच गुन्हा, घरची जबाबदारी ही कारणे तर जवळजवळ प्रत्येक आरोपी मांडतो; त्यात विशेष ते काय?

इंग्लंडमध्ये १ जानेवारी २०२१ पासून बंदुकीच्या गुन्ह्यांसाठी मार्गदर्शक तत्त्वे लागू आहेत. शस्त्राचा प्रकार, हेतू आणि झालेली किंवा होऊ शकणारी हानी पाहून आधी शिक्षेचा आरंभबिंदू ठरतो, मग कमी-जास्त. आपल्याकडे फौजदारी न्यायव्यवस्थेतील सुधारणांसाठी नेमलेल्या मलिमथ समितीने २००३ मध्येच अशा तत्त्वांची शिफारस केली होती.

हर्ष फायरपुरते प्रश्न मोजके आहेत. बंदूक छर्रे उडवणारी बारा बोअर होती की गोळी झाडणारी ३१५ रायफल? छऱ्यांचा पल्ला तोकडा असतो, ३१५ ची गोळी मात्र मांडव ओलांडून पार पलीकडच्या वस्तीत जाऊ शकते. फायर मोकळ्या मैदानात झाला की मांडवाखाली? किती गोळ्या? दारू प्यायली होती का? बंदूक परवानाधारकाने दुसऱ्याच्या हाती दिली होती का? ‘मी तर वर झाडली’ ही सबब सवलतीची मानू नये. उत्तराखंडातल्या एका लग्नात छताकडे झाडलेल्या गोळीच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये सदोष मनुष्यवधाची शिक्षा दिली आहे.

नवी तत्त्वे येईपर्यंत एवढे तरी व्हावे: दोषसिद्धीनंतर शिक्षेवरील सुनावणीत सरकारी वकिलांनी शस्त्र अधिनियमाच्या कलम १७(७) खाली परवाना रद्द करण्याची आणि कलम ३२ खाली बंदूक सरकारजमा करण्याची मागणी लेखी द्यावी. हे अधिकार शिक्षा देणाऱ्या न्यायालयाकडेच आहेत, त्यासाठी कलेक्टर कचेरीत वेगळी फाइल चालवावी लागत नाही.

— एक वकील वाचक, लष्कर, ग्वाल्हेर