वीस वर्षांचे गृहकर्ज एकोणतीस वर्षांचे कसे झाले, याबाबत तक्रार पत्र

दिनांक : 17 नोव्हेंबर 2025

प्रति,
तक्रार निवारण अधिकारी,
गृहकर्ज विभाग,
नौपाडा शाखा, ठाणे (पश्चिम)

विषय : मला न विचारता गृहकर्जाची मुदत 107 महिन्यांनी वाढवल्याबद्दल आणि ती पूर्ववत करून मिळण्याबद्दल

महोदय / महोदया,

दिवाळीत माझ्या आईची तीन लाखांची मुदतठेव संपली. ती म्हणाली, "मला काय करायचेत, तुझ्या घराच्या कर्जात टाक. किती राहिलंय?" मी सहज म्हणालो, "असतील तीस-बत्तीस लाख." मे 2021 पासून एकही हप्ता चुकवलेला नाही, दर महिन्याच्या पाच तारखेला पैसे कापले जातात, तेव्हा एवढे तरी फिटले असेल असे मी धरून चाललो होतो. मागच्या शनिवारी शाखेत येऊन खाते उतारा मागितला. काउंटरवरच्या ताईंनी तो लगेच छापून दिला, त्याबद्दल आभार. तक्रार पुढे आहे.

कर्ज 40,00,000 रुपये. भरलेले हप्ते 55. भरलेली रक्कम 17,46,060 रुपये. शिल्लक मुद्दल 37,59,013 रुपये. म्हणजे साडेसतरा लाख भरून मुद्दलातून गेले 2,40,987 आणि व्याजात गेले 15,05,073. मी तो कागद घेऊन गोखले रोडवर बराच वेळ उभा होतो. उरलेले हप्ते या रकान्यात 292 हा आकडा होता. आधी वाटले छपाईत चूक आहे, कारण माझ्या मंजुरीपत्रावर एकूण हप्तेच 240 आहेत. 55 वजा केले तर 185 उरायला हवेत. पुन्हा आत येऊन विचारले तेव्हा कळले की चूक नाही. माझे कर्ज एप्रिल 2041 ला संपणार होते, ते आता मार्च 2050 ला संपणार आहे. त्या महिन्यात मी सत्तर वर्षांचा होईन. रबाळे एमआयडीसीतल्या ज्या कंपनीत मी काम करतो, ती मला साठाव्या वर्षी नारळ देणार आहे. 2041 चा हिशेब मी तेवढ्यासाठीच केला होता, की निवृत्तीनंतरचे शेवटचे काही हप्ते पीएफमधून जातील. उरलेली नऊ वर्षे हप्ता कशातून भरायचा होता, हे आपल्या संगणकाने ठरवले असेल तर मला कळवावे.

थोडे मागे जातो. मार्च 2021 मध्ये कळव्याला खारेगावात आम्ही 54 लाखांचा जुना फ्लॅट घेतला. मुद्रांक शुल्कातली कोविड काळातली सवलत 31 मार्चला संपणार होती, म्हणून सगळेच घाईत होते. आम्ही, आधीचा मालक, एजंट आणि आपला प्रतिनिधीसुद्धा. तो घरी येऊन सह्या घेऊन गेला. त्याचे वाक्य मला अजून आठवते : "सर, महिन्याला तीस हजार सातशे बहात्तर. भाड्यापेक्षा थोडंच जास्त." रेपो दर, म्हणजे रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना पैसे देते तो, तेव्हा 4 टक्के, त्यावर आपला 2.90 चा स्प्रेड, म्हणजे बँकेने वर लावलेली टक्केवारी, म्हणून 6.90 टक्के. त्या दिवशी आमच्या जेवणाच्या टेबलावर कोणीही 30,772 ला 240 ने गुणले नाही. मीही नाही, ही माझी चूक. गुणले असते तर 73,85,280 आले असते आणि चाळीस लाखांवर निदान 33,85,280 रुपये व्याज आहे हे पहिल्याच दिवशी दिसले असते. पण तो निदान आकडा झाला. दर फ्लोटिंग, म्हणजे रेपोबरोबर बदलणारा आहे, तर नेमके काय होऊ शकते, हे एका उदाहरणानेही कोणी दाखवले नाही.

मे 2022 ते फेब्रुवारी 2023 या काळात रिझर्व्ह बँकेने रेपो दर 4 वरून 6.50 वर नेला. तो आपल्या हातात नव्हता, माझ्याही नाही. माझा दर तिमाहीगणिक 7.80, 8.80, 9.15 आणि एप्रिल 2023 पासून 9.40 झाला. या काळात आपण हप्ता 30,772 वरच ठेवलात आणि मुदत ओढत राहिलात. एप्रिल 2023 मध्ये माझी शिल्लक 38,59,208 होती आणि एका महिन्याचे व्याज 30,230 रुपये. जुन्या हप्त्यातून मुद्दलाला उरले असते 542 रुपये. मामलेदार कचेरीजवळ चौघांनी मिसळ खाल्ली की तेवढे होतात. त्या गतीने कर्ज फिटायला 518 महिने लागले असते, म्हणजे 43 वर्षांहून जास्त. एवढी मुदत देता येत नाही म्हणून आपण माझे सत्तरावे वर्ष ही शेवटची रेघ धरली, उरलेले 324 महिने मोजले आणि हप्ता 32,852 केलात. मला काय आले? एक एसएमएस, की व्याजदरातील बदलामुळे आपल्या कर्जाचा हप्ता/मुदत सुधारित करण्यात आली आहे. त्या तिरप्या रेघेच्या एका बाजूला 2,080 रुपये होते आणि दुसऱ्या बाजूला माझ्या आयुष्याची नऊ वर्षे. मला फक्त दोन हजार दिसले. बायकोला म्हणालो, "वाचलो, दोन हजारांवर निभावलं."

आता मला एवढेच विचारायचे आहे की त्या दिवशी दुसरा पर्याय कोणी समोर ठेवला का? मूळ 2041 चीच मुदत ठेवली असती तर हप्ता 37,044 झाला असता, आपण लावलात त्यापेक्षा महिना 4,192 रुपये जास्त. 9.40 हाच दर धरून दोन्ही बाजूंचा हिशेब केला तर आपल्या पद्धतीने पहिल्या हप्त्यापासून शेवटपर्यंत मी 1,13,51,804 रुपये भरले असते आणि दुसऱ्या पद्धतीने 87,46,304. फरक 26,05,500 रुपयांचा. महिना 4,192 त्या वर्षी आम्हाला जड गेले असते, नाही म्हणत नाही. मुलगी दहावीला होती. पण 26 लाख वाचणार आहेत हे कळले असते तर आम्ही रविवारचे बाहेरचे जेवण, गावची एखादी फेरी कशीही बसवली असती. किंवा नसतीही बसवली. ठरवायचे आम्ही होते. शाखेतले साहेब मला फोनवर म्हणाले, "सर, हप्ता वाढू नये म्हणून ग्राहकाच्या सोयीसाठीच मुदत वाढवतो." ज्या सोयीची किंमत 26 लाख आहे, ती न विचारता पदरात घालू नये.

एप्रिल 2023 ते मार्च 2025 ही दोन वर्षे मी 24 हप्त्यांत 7,88,448 रुपये भरले. मुद्दल किती कमी झाले? 68,924 रुपये. कर सवलत मिळते ना, असेही साहेबांनी ऐकवले. जुन्या करप्रणालीत राहत्या घराच्या व्याजावर वजावट 2 लाखांपर्यंतच आहे. 2023-24 या वर्षी मी आपल्याला दिलेले व्याज 3,61,375 रुपये. वरचे एक लाख एकसष्ट हजार कोणत्याच रकान्यात बसत नाहीत.

यापुढचा भाग मला जास्त लागला. फेब्रुवारी 2025 पासून रेपो दर उतरू लागला आणि जूनमध्ये 5.50 झाला. जुलैपासून माझा दर 8.40. दर चढताना आपण मुदत वाढवली होती, तेव्हा उतरताना मुदत कमी व्हायला हवी, असे कोणीही साधा माणूस म्हणेल. आपण मुदत मार्च 2050 वरच ठेवलीत आणि हप्ता 32,852 वरून 30,260 वर आणलात. पुन्हा तसाच एसएमएस. आम्ही खूश झालो, घरात त्या दिवशी श्रीखंड आणले होते. हप्ता आहे तसाच ठेवला असता तर उरलेले 297 हप्ते साधारण 235 वर आले असते. पाच वर्षांहून जास्त कमी, आणि रुपयांत बघायचे तर सुमारे 12 लाख 87 हजार. म्हणजे चढताना मुदत वाढणार आणि उतरताना हप्ता घटणार. अशाने मुदत कधीच मागे येत नाही. हा योगायोग असेल तर तो दोन्ही वेळा बँकेच्याच बाजूने झाला आहे.

विम्याबद्दलही लिहिणे भाग आहे. कर्ज मंजूर करताना 96,000 रुपयांचा एकरकमी विमा कर्जातच मिळवून घेतला गेला. "सगळेच घेतात, यात ईएमआयवर फार फरक नाही." वीस वर्षांत त्या 96,000 चे व्याजासकट सुमारे 1,77,000 होतात, ते असो. पण आता पॉलिसी काढून पाहिली तर संरक्षण 2021 च्या मूळ परतफेड तक्त्याप्रमाणे दरवर्षी कमी होत जाते आणि 2041 ला संपते. त्या तक्त्याप्रमाणे आज शिल्लक 35 लाखांच्या आत असायला हवी, विमाही तेवढाच. प्रत्यक्ष शिल्लक साडेसदतीस लाखांच्या वर. उद्या माझे काही बरेवाईट झाले तर मधले अडीच लाखांहून जास्त बायकोने फेडायचे, आणि 2041 नंतर झाले तर सगळेच. मुदत वाढवताना विमा तोकडा पडतो आहे, हे कोणाच्या तरी लक्षात यायला हवे होते. माझ्या आले नाही, कारण मुदत वाढल्याचेच मला माहीत नव्हते.

शाखेच्या दारात फलक आहे : गृहकर्ज 7.50 टक्क्यांपासून. मी 8.40 भरतो. रेपो दर दोघांना तोच, फरक स्प्रेडचा. नव्या माणसाला 2, मला 2.90. साडेसदतीस लाखांवर हा फरक वर्षाला साधारण 33,800 रुपये होतो. विचारल्यावर सांगितले की अर्ज द्या, स्प्रेड बदलून घेण्याची जीएसटीसह 5,900 रुपये कन्व्हर्जन फी भरा, मग बघू. भरतो. पण स्टेशनबाहेरचा भाजीवालासुद्धा जुन्या गिऱ्हाइकाला कोथिंबिरीच्या दोन काड्या जास्त घालतो, इथे जुन्यालाच जादा लावतात आणि तो विचारेपर्यंत कोणी बोलत नाही.

नियमांचे बोलायचे तर रिझर्व्ह बँकेचे 18 ऑगस्ट 2023 चे परिपत्रक आपल्याकडे आहेच. त्यानुसार दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्हीचा मेळ घालायचा, हा पर्याय कर्जदाराला द्यायचा आहे. हप्ता किंवा मुदत वाढली तर लगेच कळवायचे आहे. दर तिमाहीला साध्या भाषेत पत्रक द्यायचे आहे : आजवर वसूल झालेले मुद्दल आणि व्याज, हप्त्याची रक्कम, उरलेले हप्ते, वार्षिक दर. चालू कर्जांनाही हे 31 डिसेंबर 2023 पर्यंत लागू करून प्रत्येक जुन्या कर्जदाराला त्याचे पर्याय कळवायचे होते. माझी मुदत त्याआधी एप्रिलमध्ये वाढवली, हे खरे. पण डिसेंबर 2023 पर्यंत मला पर्यायांचे पत्र यायला हवे होते. आले नाही. तेव्हापासून निदान सात तिमाही पत्रके यायला हवी होती. एकही आले नाही. माझा ईमेल आणि मोबाइल नंबर 2021 पासून तोच आहे, क्रेडिट कार्डाच्या जाहिराती त्यावर नेमाने येतात. 1 ऑक्टोबर 2024 पासून नव्या कर्जांना सगळे खर्च धरून वार्षिक दर सांगणारे मुख्य तथ्य विवरण द्यावे लागते. माझे कर्ज त्याआधीचे, म्हणून ते मागण्याचा हक्क मी सांगत नाही.

माझे म्हणणे असे. आईचे 3,00,000 रुपये मी याच महिन्यात अंशतः परतफेड म्हणून भरतो. शाखेत सांगितले की अशी रक्कम भरली की "सिस्टीम हप्ता कमी करते, मुदत नाही". तसे करू नये. शिल्लक 34,59,013 होईल, ती एप्रिल 2041 पर्यंतच्या 185 महिन्यांत बसवावी. 8.40 दराने माझ्या हिशेबाने हप्ता 33,404 येतो. जूनपर्यंत मी 32,852 भरतच होतो, त्यापेक्षा हे फक्त 552 रुपये जास्त आहेत आणि ते मला झेपतात. आजच्या वाटेने गेलो तर अजून 88,35,920 भरायचे आहेत, या वाटेने आईचे तीन लाख धरून 64,79,740. यापुढे दर उतरला, किंवा अर्ज केल्यावर स्प्रेड कमी झाला, तर हप्ता तोच ठेवून मुदत कमी करावी. दर चढला तर आधी मला लेखी विचारावे. सोबत तशी कायमची सूचना सही करून जोडली आहे, ती कर्ज खात्यावर नोंदवून पोच द्यावी.

याशिवाय जुलै 2022 पासूनच्या प्रत्येक दरबदलाच्या वेळी मुदत किती होती आणि ती कोणाच्या संमतीने बदलली, याचा तारखेसह लेखी तपशील द्यावा. माझी सही असेल तर ती दाखवावी, मी ही तक्रार मागे घेईन. नसेल तर जुलै 2025 मध्ये हप्ता कमी न करता मुदत कमी केली असती तर आजवर जेवढे मुद्दल जास्त फिटले असते, तेवढ्यावरचे व्याज माझ्या खात्यात परत जमा करावे. रक्कम फार मोठी नसेल, पण ती आपण मोजावी अशी माझी इच्छा आहे. विम्यातली तूट भरून काढायला काय करावे लागेल, तेही त्याच पत्रात कळवावे.

हे पत्र शाखेत हातपोच दिले आहे आणि ईमेलनेही पाठवले आहे. तीस दिवसांत समाधानकारक उत्तर न आल्यास रिझर्व्ह बँकेच्या एकात्मिक लोकपाल योजनेकडे तक्रार नोंदवीन. फोन करायचा झाल्यास संध्याकाळी सातनंतर करावा, त्याआधी मी ट्रान्स-हार्बरच्या गर्दीत असतो आणि आकडे लिहून घेता येत नाहीत. शक्यतो लेखीच कळवावे.

आपला,
गृहकर्ज खातेदार,
खारेगाव, कळवा, ठाणे

सोबत : मंजुरीपत्र व मूळ परतफेड तक्त्याची प्रत, 15 नोव्हेंबरचा खाते उतारा, दोन्ही एसएमएसची छायाचित्रे, विमा पॉलिसीचे पहिले पान, मुदतीबाबतची सही केलेली सूचना.