सारामागोची कादंबरी नुसती ‘मजेशीर’ नाही

मा. संपादक, सप्रेम नमस्कार,

पुरवणीत पोर्तुगीज लेखक जुझे सारामागोच्या ‘डेथ अ‍ॅट इंटरव्हल्स’ या २००५ च्या कादंबरीवर लिहून आलं, वाचून बरं वाटलं, पण लेखात सगळा भर विनोदावर आणि शेवटी मृत्यू बाई होऊन चेलो वाजवणाऱ्याच्या प्रेमात पडते त्यावर, आणि ते मला पटलं नाही. विनोद आहेच, १ जानेवारीपासून एका देशात कोणी मरतच नाही म्हटल्यावर अंत्यसंस्कारवाल्यांचा धंदा बसतो आणि ते सरकारकडे जाऊन पाळीव प्राण्यांचं दफन सक्तीचं करा म्हणतात, विमा कंपन्या ८० वर्षं पूर्ण झाली की माणूस कागदावर मेला असं धरायचं ठरवतात, चर्चला टेन्शन की मरणच नाही तर पुनरुत्थान कसलं. पण मरण थांबलं तरी म्हातारपण आणि आजार थांबत नाहीत हो, खरं पुस्तक तिथे आहे.

एक गरीब शेतकरी कुटुंब आहे त्यात. आजोबा अंथरुणाला खिळलेले, सुटका नाही, शेवटी ते स्वतःच सांगतात मला सीमेपलीकडे न्या, कारण शेजारच्या देशात मरण चालूच आहे. मग घरचे रात्री खेचराच्या गाडीत त्यांना आणि घरातल्या आजारी तान्ह्या बाळालाही घालून नेतात, सीमा ओलांडली की दोघंही जातात, तिथेच पुरतात आणि परत येतात. आधी सगळा देश त्यांना नावं ठेवतो आणि मग त्याच वाटेने जायला लागतो, पुढे त्याचा धंदा होतो, माफिया शिरतो आणि सरकार गुपचूप त्याच्याशी तडजोड करतं. ही पानं वाचताना हसू येत नाही, घशात आवंढा येतो.

आपल्याकडे हा विषय परका नाहीये. मुंबईच्या केईएम हॉस्पिटलमधल्या नर्स अरुणा शानबाग हल्ल्यानंतर १९७३ पासून २०१५ ला जाईपर्यंत तिथेच अचेतन पडून होत्या, त्यांच्याच केसमध्ये सुप्रीम कोर्टाने २०११ ला निष्क्रिय दयामरणाचा (म्हणजे जगवून ठेवणारे उपचार थांबवण्याचा) रस्ता काही अटींवर उघडला (त्यांच्यासाठीची मागणी मात्र फेटाळली, आणि केईएमच्या नर्सेसनी त्यांना किती मायेने सांभाळलं तेही विसरू नये), २०१८ ला लिव्हिंग विलला (शेवटी कोणते उपचार नकोत हे आधीच लिहून ठेवण्याला) मान्यता आली, २०२३ मध्ये नियम सोपे झाले. तरी घरात कोणी हा विषय काढला की लगेच ‘अभद्र बोलू नकोस’. त्या आजोबांना जे हवं होतं ते त्यांनी तोंडाने सांगितलं आणि घरच्यांनी ते ऐकलं, लेखात नेमकी हीच गोष्ट यायला हवी होती. कृपया यावर अजून एक लेख छापा, आणि तो आयसीयू किंवा पॅलिएटिव्ह केअरमध्ये (गंभीर आजारात त्रास कमी करणाऱ्या देखभालीत) काम करणाऱ्या डॉक्टरांकडून लिहून घ्या.

आपली एक नियमित वाचक, पुणे