रॉक टिकलं ते वाजवणाऱ्यांमुळे

महोदय,

क्लासिक रॉक, म्हणजे साठ-सत्तरच्या दशकांतलं गिटारप्रधान पाश्चात्त्य रॉक संगीत, अजून ऐकलं जातं ते जुन्या आठवणींमुळे, असं म्हणून विषय संपवण्याची आपल्याकडे पद्धत आहे. साठीच्या माणसाबाबत हे एक वेळ मान्य. पण चौदा वर्षांच्या पोरीला १९७२ सालच्या कसल्या आठवणी येणार?

खरं कारण गिटारच्या क्लासमध्ये सापडतं. 'डीप पर्पल' या ब्रिटिश बँडचं 'स्मोक ऑन द वॉटर' हे गाणं घ्या. डिसेंबर १९७१मध्ये स्वित्झर्लंडमधल्या माँत्रूला अमेरिकी रॉक संगीतकार फ्रँक झॅपाच्या कार्यक्रमात प्रेक्षकांतल्या कुणीतरी फ्लेअर गन (इशाऱ्याचा जाळ सोडणारं पिस्तूल) उडवली आणि अख्खा कॅसिनो जळाला. रेकॉर्डिंगसाठी तिथं आलेल्या 'डीप पर्पल'च्या मंडळींनी शेजारच्या तळ्यावर पसरलेला धूर पाहिला आणि त्याचंच गाणं केलं. त्याची सुरुवातीची रिफ, म्हणजे पुन्हा पुन्हा येणारी छोटी सुरावट, एकाच तारेवर निघते: मोकळी तार, तिसरा फ्रेट (गिटारच्या दांडीवरची पट्टी), पाचवा, पुन्हा मोकळी, तिसरा, सहावा, पाचवा. माझ्या भाचीनं क्लासच्या पहिल्याच आठवड्यात ती बसवली. शेजारी वैतागलेत, ते सोडा. बँडचा तेव्हाचा गिटारवादक रिची ब्लॅकमोर रेकॉर्डवर हेच सूर जोडीजोडीनं छेडतो, हे तिला नंतर कळलं आणि मग ती मूळ रेकॉर्ड शोधून ऐकू लागली. आधी हात, मग कान.

सिनेमे-मालिकांचा हातभार आहेच. 'मेटालिका' या हेवी मेटल बँडचं १९८६चं 'मास्टर ऑफ पपेट्स' २०२२मध्ये 'स्ट्रेंजर थिंग्ज' या मालिकेमुळे नव्या पोरांपर्यंत पोचलं (जाणकार त्याला क्लासिक रॉक म्हणोत वा न म्हणोत). पण त्या मालिकेतही एक मुलगा ते गाणं नुसतं ऐकत नाही, गिटार घेऊन वाजवतो! मोठे कलाकारही असेच घडले: आपल्या पाचगणीच्या सेंट पीटर्स शाळेत शिकणारा फारूख बलसारा, म्हणजे पुढे 'क्वीन' बँडचा गायक म्हणून गाजलेला फ्रेडी मर्क्युरी, 'द हेक्टिक्स' या शाळकरी बँडमध्ये पियानोवर बसायचा, तोही दुसऱ्यांचीच गाणी वाजवत.

आपल्याकडे वाजवणारी पोरं आहेत, जागा नाही. मुंबईत धोबी तलावच्या रंगभवन या खुल्या नाट्यगृहात कॉलेजच्या बँडना हजारो श्रोते मिळत. शांतता क्षेत्राच्या नियमामुळे तिथले असे कार्यक्रम थांबले. शेजारी रुग्णालय असल्यानं नियमाला माझी हरकत नाही, पण बदली जागा द्यायला काय हरकत होती? परदेशी बँडसाठी मैदानं मिळतात, तिकिटं हजारोंची. महापालिकांनी आपल्या नाट्यगृहांतली महिन्यातली एक संध्याकाळ माफक भाड्यात शाळा-कॉलेजच्या बँडना द्यावी. भाचीच्या क्लासमधली मुलं तूर्त सोसायटीच्या पार्किंगमध्ये वाजवतात, तेही रात्री आठपर्यंतच.

– एक वाचक, डोंबिवली