तांदळातलं नाव

एक्सेटर

ती. बाबा आणि सौ. आईस,
साष्टांग नमस्कार.

रविवारी फोनवर शाळेच्या दाखल्याचं बोलले, पण तो कशाला हवाय ते धड सांगता आलं नाही. बाबा म्हणाले, "नाव बदललं तर काय बिघडलं? सगळ्याच मुलींचं बदलतं." म्हणून हे पत्र.

इथल्या नागरिकत्वाच्या अर्जात आधीची सगळी नावं लिहावी लागतात. 'मंजिरी' टाइप केलं आणि तशीच बसून राहिले. मांडवात ताटातल्या तांदळावर अंगठीने 'अनघा' लिहिलं गेलं, ते सगळ्यांनी वाकून वाकून वाचलं होतं. मीसुद्धा. पुढे राजपत्रासाठी हेलपाटे बाबांनीच घातले. (त्या तांदळाचा त्याच रात्री भात झाला असणार.) इथे ऑफिसात 'अनघा' जमत नाही म्हणून 'ॲना' म्हणतात. म्हणजे तिसरं.

त्याच आठवड्यात लायब्ररीतून जीन ऱ्हिस यांची 'वाइड सारगॅसो सी' ही कादंबरी आणली. बाई कॅरिबियनमधल्या डॉमिनिका बेटावर १८९० साली जन्मल्या. वडील वेल्श डॉक्टर, आई तिथल्याच गोऱ्या घराण्यातली. सोळाव्या वर्षी शिकायला इंग्लंडला आल्या, तर त्यांच्या बोलण्याला लोक हसायचे. म्हातारपणी आमच्या जवळच्याच एका खेड्यात राहायच्या. १९७९ मध्ये वारल्या त्या एक्सेटरलाच.

बाबा, तुम्हाला 'जेन एअर'मधली माळ्यावर कोंडलेली वेडी बायको आठवते? बर्था. शार्लट ब्राँटेने १८४७ मध्ये तिला किंचाळायला लावलं, आग लावायला लावली, पण तिची बाजू काही मांडू दिली नाही. ती ऱ्हिसबाईंनी १९६६ मध्ये या कादंबरीत मांडली. ही मुळात आंत्वानेत, जमैकातली, गुलामगिरी कायद्याने संपून मळे ओस पडले त्या काळची. तिथले काळे लोक तिला 'पांढरं झुरळ' म्हणून चिडवतात, आणि इंग्लंडहून आलेल्या नवऱ्याला ती पुरती इंग्रज वाटत नाही. लग्न झाल्यावर तिचा पैसा कायद्याने त्याचा. मग तो तिला बर्था म्हणायला लागतो. ती म्हणते, हे माझं नाव नाही. दुसऱ्या नावाने हाक मारून तू मला दुसरीच कुणी करायला बघतोयस, हेही चेटूकच. आणि गंमत म्हणजे त्या नवऱ्याचं नाव बाईंनी पुस्तकभर एकदाही लिहिलेलं नाही!

मला कुणी कोंडून ठेवलेलं नाही, हे लगेच सांगते. नाहीतर आई, तू आजची रात्र जागून काढशील.

पण एक जागा तुला वाचून दाखवायचीच होती. इंग्लंडातल्या त्या माळ्यावर आरसासुद्धा नाही. तिचा एक लाल झगा तेवढा उरलाय. आधी त्याचा वास अगदी पुसट येतो, मग वाढत जातो: वाळा, चाफा, दालचिनी, धूळ, फुललेली लिंबाची झाडं. वाळा आला आणि मी पुस्तक मिटलं. आपला माठ, त्यात तू सोडायचीस ती दोऱ्याने बांधलेली वाळ्याची जुडी, आणि पेल्यात तिची एखादी काडी आली की बाबांची कुरकुर. एवढ्या लांबच्या बेटावरच्या बाईला घर म्हटल्यावर वाळाच आठवावा! माझ्याकडच्या पैठणीला मात्र डांबराच्या गोळ्यांचाच वास येतो.

तर मी मंजिरी लावणार आहे. घरी बोलणं झालंय. 'तुला हवं ते कर' असं उत्तर मिळालं, त्यात थोडा रुसवा होता, पण तो उतरेल. आई, तुला सांगायला थोडी धास्ती वाटत होती. पण मामा अजून 'शके' म्हणतो तेव्हा तू कशी चटकन वळतेस! बाबांना 'सुनंदा' दोनदा तरी हाक मारावी लागते.

बाबा, माझा शाळा सोडल्याचा दाखला कपाटाच्या वरच्या खणात, वीजबिलांच्या फायलीखाली असेल. जुन्या नावाचा तेवढाच कागद आहे. फोटो काढताना चारही कोपरे येऊ देत. शेजारीच आईचाही असेल, पिवळा पडलेला. तोही पाठवा. त्याचं काम काही नाही, बघायचाय.

तुमची,
मंजू