सोडा ॲशला किमान भाव दिलात, कमाल कधी? : केंद्रीय वाणिज्यमंत्र्यांना खुलं पत्र

मा. केंद्रीय वाणिज्य व उद्योगमंत्री,
नवी दिल्ली

महोदय, सप्रेम नमस्कार.

सोलापुरात अक्कलकोट रोडच्या एमआयडीसीत टॉवेल रंगवण्याचं माझं लहान युनिट आहे. आमच्या धंद्यात रंगाइतकाच सोडा ॲश, म्हणजे सोडियम कार्बोनेटची पांढरी पूड, लागतो. रिॲक्टिव्ह रंगाला मीठ सुताकडे ढकलतं आणि सोडा तो सुतावर पक्का करतो. सोडा कमी पडला तर गिऱ्हाइकाच्या पहिल्याच धुण्यात बादलीभर रंग निघतो. तेव्हा भाव काहीही असो, गोणी आणावीच लागते.

३० डिसेंबर २०२४ रोजी आपल्या मंत्रालयाच्या विदेश व्यापार महासंचालनालयानं अधिसूचना काढली: टनाला २०,१०८ रुपयांपेक्षा कमी किमतीचा सोडा ॲश देशात मुक्तपणे आणता येणार नाही. मुदत जून २०२५ अखेरची होती, नंतर ती डिसेंबर २०२५ पर्यंत वाढली. हा २०,१०८ चा आकडा बंदरावर उतरण्याच्या किमतीचा. त्यावर साडेसात टक्के मूळ शुल्क आणि शुल्कावरचा अधिभार धरला की माल बंदराबाहेर पडायच्या आतच टनाला पावणेबावीस हजार होतात. मग भाडं, व्यापाऱ्याचा नफा, १८ टक्के जीएसटी. आम्ही वापरतो तो लाइट (हलका) आणि काचवाले वापरतात तो डेन्स (जड दाण्याचा), दोघांनाही एकच आकडा.

हे का केलं, ते मला कळतं. आपले कारखाने जवळजवळ सगळे सौराष्ट्राच्या किनाऱ्यावर आहेत: मिठापूर, सुत्रापाडा, पोरबंदर, भावनगर. तिथं मीठ, चुनखडी आणि अमोनियापासून सॉल्व्हे पद्धतीनं सोडा बनतो, आणि तिला कोळसा भरपूर लागतो. तुर्कस्तानात अंकाराजवळ आणि अमेरिकेत वायोमिंगमध्ये मात्र ट्रोना नावाचं खनिजच जमिनीत आहे. ते काढायचं, शुद्ध करायचं, भाजायचं, झालं. २०२३ मध्ये चीनच्या इनर मंगोलियातही असाच प्रचंड प्रकल्प सुरू झाला आणि जगभर भाव घसरले. खनिज सोड्याशी सॉल्व्हे कारखान्यानं भावात झुंजायचं म्हणजे अवघडच. ब्रिटनमधला लॉस्टॉकचा सोड्याचा कारखाना २०२५ च्या सुरुवातीला बंद झाला, तो आपल्याच टाटा केमिकल्सच्या मालकीचा. (याच कंपनीची वायोमिंगमध्ये आणि केनियातल्या मगादी सरोवरावर खनिज सोड्याची कामंही आहेत. धंदा त्यांना आमच्यापेक्षा चांगला कळतो, यात शंका नाही.) पुढं सोलर पॅनेलच्या काचेसाठी सोडा वाढताच लागणार. तो सगळा तुर्कस्तानच्या भरवशावर ठेवावा, असं मीही म्हणणार नाही.

माझी तक्रार वेगळी आहे. २०२२ मध्ये कोळसा आणि गॅस भडकले, जहाजाची भाडी चढलेली होती, आणि सोडा किलोला तिशी ओलांडून गेला. हिशोब सांगतो. १०० किलो टॉवेलांच्या लॉटला ८०० लिटर पाणी, लिटरला १५ ग्रॅम सोडा, म्हणजे १२ किलो. सोडा किलोमागं १० रुपयांनी चढला की टॉवेलच्या किलोमागं १ रुपया २० पैसे जातात. आकडा छोटा दिसतो. पण आमच्याकडे डाइंगच्या दरावर घासाघीस होते ती पन्नास पैशांवर, आणि ठरलेला दर ऑर्डर संपेपर्यंत हलत नाही. तेव्हा कोणी सोड्याला कमाल भाव लावला नाही. त्याच वर्षीच्या अर्थसंकल्पात मिथेनॉल आणि ॲसिटिक ॲसिडवरचं आयात शुल्क कमी केलं गेलं, म्हणजे सरकारला हे सुचत नाही असं नाही. त्या यादीत सोडा ॲश नव्हता, एवढंच.

सोलापूरची कांद्याची बाजारपेठ आपल्याला माहीत असेलच. कांदा जरा वर गेला की ग्राहकासाठी सरकार धावतं. ऑगस्ट २०२३ मध्ये ४० टक्के निर्यात शुल्क, डिसेंबरात थेट निर्यातबंदी. शेतकऱ्याचा भाव चढला की अडवायचा आणि कारखानदाराचा भाव पडला की सावरायचा, याला धोरण म्हणायचं तर ते कोणासाठी? आणि आमच्या टॉवेलला? ऑगस्ट २०२५ मध्ये अमेरिकेनं भारतीय मालावर ५० टक्के शुल्क लावलं, तेव्हा टॉवेलला किमान भाव देणारी अधिसूचना काही निघाली नाही.

स्वस्त आयात अडवावी का, हा प्रश्न सर्वोच्च न्यायालयासमोर फार पूर्वी येऊन गेला आहे. अमेरिकन सोडा ॲशविरुद्ध इथल्या उत्पादकांनी तेव्हाच्या एमआरटीपी (मक्तेदारी रोखणाऱ्या) आयोगाकडे धाव घेतली होती. २००२ च्या हरिदास एक्स्पोर्ट्स निकालात न्यायालयानं म्हटलं, की परदेशी माल इथल्या भावापेक्षा स्वस्त आहे एवढ्यानं त्याची आयात जनहिताविरुद्ध ठरत नाही. डम्पिंग, म्हणजे स्वतःच्या देशातल्या भावापेक्षा कमी भावात माल इथं ओतणं, होत असेल तर त्यासाठी वेगळा कायदा आहे. त्या कायद्यात चौकशी होते, नोटीस निघते, वापरणाऱ्यालाही बोलता येतं. किमान आयात किमतीच्या अधिसूचनेआधी तसं काहीच करावं लागत नाही.

अर्थात त्या चौकशीतही आम्ही नसतोच. ही चौकशी करणाऱ्या व्यापार उपाय महासंचालनालयाची प्रश्नावली लांबलचक आणि इंग्रजीत असते, ती भरायला दिल्लीचा सल्लागार लागतो. निष्कर्षांच्या कागदात जिथं भाव असायला हवा तिथं गोपनीयतेचे तारे छापलेले असतात. आपण काय भरतोय आणि कशासाठी, हे वाचून कळेल तर शपथ!

म्हणून मागणी सरळ आहे. सोड्याला किमान किंमत किंवा डम्पिंगविरोधी शुल्क लावायचं तर त्याच अधिसूचनेत कमाल आकडाही लिहा: देशातला भाव त्याच्या वर महिनाभर राहिला की मूळ आयात शुल्क आपोआप शून्य. उत्पादकाला पडत्या काळात आधार मिळतो, तर चढत्या काळात त्यानंही स्पर्धा सोसावी. आकडा कोणता, ते सोलापूर, इचलकरंजी, भिवंडी आणि मालेगावच्या डाइंग-प्रोसेसवाल्यांना, फिरोझाबादच्या काचवाल्यांना एका टेबलावर बसवून ठरवा. आमच्या संघटनेचं लेखी म्हणणं मराठीतून स्वीकारा, भाषांतर तुमच्या खर्चानं करा. आणि अधिसूचना लागू होण्याआधी निदान महिनाभर मसुदा लोकांपुढे ठेवा, म्हणजे घेतलेल्या ऑर्डरींचे दर आम्हाला वेळेत पुन्हा बोलता येतील.

आपला,
सोलापुरातला एक डाइंगवाला